पोथीतलं प्रश्नचिन्ह

माझ्या सर्व्हिस बुकाच्या सत्तेचाळिसाव्या पानावर पेन्सिलीने काढलेलं एक प्रश्नचिन्ह आहे. पेन्सिलचं टोक बोथट झालेलं होतं, आणि खालचा ठिपका इतका दाबून दिलाय की कागदाच्या मागे फोड आल्यासारखा उमटलाय. तेहेतीस वर्षं मी प्राथमिक शाळेत वह्या तपासल्या. कुठली खूण विचार करून केलेली आणि कुठली जेवणाच्या सुट्टीची घंटा व्हायच्या आधी उरकलेली, हे मला कळतं. ही दुसऱ्या प्रकारातली. प्रश्न काय आहे ते कुठेच लिहिलेलं नाही.

या चिन्हाची किंमत त्रेचाळीस हजार आठशे साठ रुपये आहे. तेवढे माझ्या ग्रॅच्युइटीतून कापून घेतले. वह्या तपासताना मीही पुष्कळ प्रश्नचिन्हं काढली, पण त्यासाठी कुणाच्या आईवडिलांकडे पैसे मागितल्याचं आठवत नाही.

आम्ही मूळचे नवापूरकडचे. वडील उसाच्या हंगामाला बारडोलीत आले आणि हंगाम संपल्यावर परत जायचं विसरले. घरात अहिराणी, दारात गुजराती, देवापुढे मराठी, अशात मी वाढलो. १९८८ साली जवळच्या एका गावात शिक्षक म्हणून लागलो. गाव आणि शाळा सांगत नाही, कारण तिथल्या लोकांनी मला काही त्रास दिला नाही, आणि ज्यांनी दिला त्यांचं नाव सांगायची सोय नाही. पहिल्या महिन्यात सर्व्हिस बुक तयार झालं. गुजरातीत त्याला ‘सेवापोथी’ म्हणतात. घरी येऊन आईला सांगितलं की माझी पोथी झाली, तर तिने हात जोडले आणि कुठे ठेवलीय ते विचारलं. कपाटात ठेवलीय म्हटल्यावर ती म्हणाली, खाली ठेवू देऊ नको. आईचं ऐकायला हवं होतं. पुढे एका पावसाळ्यात ती पोथी कपाटाच्या सगळ्यात खालच्या खणात सापडली, पहिली आठ पानं एकमेकांना चिकटलेली.

गुजराती आणि मराठी यांच्यामध्ये जी काही नोकरी झाली त्यात ‘धोरण’ या शब्दाने मला सर्वांत जास्त छळलं. मराठीत धोरण सरकारचं असतं. गुजरातीत इयत्तेला धोरण म्हणतात, आणि पगाराच्या श्रेणीलाही पगार धोरण म्हणतात. मी वर्षानुवर्षं धोरण चारला शिकवत होतो आणि ‘उच्चतर पगार धोरणा’ची वाट पाहत होतो. माझ्यासमोरची मुलं दर जूनमध्ये उच्चतर धोरणात जात. नापास झालेलीसुद्धा जात.

ज्यांना या भानगडीची सवय नाही त्यांच्यासाठी दोन वाक्यं. सरकारी नोकरीत वरच्या जागा थोड्या आणि खाली उभे असलेले फार, म्हणून कित्येक जण लागले त्याच खुर्चीत निवृत्त होतात. अशांना अमुक वर्षं झाली की खुर्ची तीच ठेवून पगार तेवढा वरच्या पायरीवर न्यायचा, अशी ही सोय. सोय चांगली आहे. माझी तक्रार सोयीबद्दल नाही.

माझी पहिली तक्रार गणिताबद्दल आहे. आम्हा प्राथमिक शिक्षकांना ही पायरी नऊ, वीस आणि एकतीस वर्षांनी मिळते. गुजरात सरकारच्या इतर कर्मचाऱ्यांना एके काळी नऊ-अठरा-सत्तावीस होतं, म्हणजे सरळ नवाचा पाढा. पुढे त्यांचं बारा-चोवीस झालं, तोही पाढाच. ज्याने आयुष्यभर पाढे घोकून घेतले त्या शिक्षकाला मात्र नऊ-वीस-एकतीस. नवानंतर अकरा, मग पुन्हा अकरा. हे कुठल्या पाढ्यात बसतं ते मी धोरण चारच्या वर्गाला एकदा विचारलं होतं. मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, “साहेब, पहिल्यांदा मोजायला चुकले असतील.” तो पुढे सीए झाला.

हे दुःख मी कुणाजवळ बोललो नाही. पण चार वर्षांपूर्वी नंदुरबारला एका लग्नात पंगतीला बसलो होतो. डाव्या हाताला साडू, उजव्या हाताला चुलतभाऊ. साडू महाराष्ट्र सरकारचे, भाऊ रेल्वेचा, भुसावळला. पानात वरण-बट्टी आणि वांग्याची भाजी. वाढपी तूप घेऊन येईपर्यंत तिघांच्याही लक्षात आलं की तीन सरकारं एका पंगतीत बसली आहेत आणि तिघांचीही पायरी अडकली आहे.

साडू म्हणाले, “आमच्याकडे योजनेचीच प्रगती फार झाली.” ते खरं आहे. महाराष्ट्रात १९९५ च्या जूनमध्ये हिचा जन्म झाला तेव्हा तिचं नाव होतं कालबद्ध पदोन्नती. बारा वर्षांनी वरची श्रेणी, आणि ती लागू मागल्या ऑक्टोबरपासून. २००१ मध्ये तीच योजना सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना झाली. २०१० च्या एक एप्रिलला सुधारित सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना झाली, बारा आणि चोवीस वर्षांची. (तारीख मी मुद्दाम निवडलेली नाही, तीच आहे.) मग २ मार्च २०१९ च्या शासन निर्णयाने दहा, वीस, तीस. चोवीस वर्षांत योजनेला तीनदा वरची पायरी मिळाली आणि नाव दरवेळी लांबलं. साडूंना एकदाच मिळाली, आणि ती कितवी धरायची यावर कार्यालयाचं आणि त्यांचं एकमत नाही. मधल्या काळात त्यांच्या पदाची वेतनश्रेणी सगळ्यांसाठीच सुधारली होती. कार्यालय म्हणतं, तोच तुमचा एक लाभ झाला. साडू म्हणतात, तो पदाला मिळाला, मला नाही. मी म्हटलं, पदावर बसलं कोण होतं? ते म्हणाले, “साडूभाऊ, तुम्ही आमच्या बाजूचे की शासनाच्या?” मी बट्टी कुस्करली.

भावाचं प्रकरण केंद्राचं, म्हणून जास्त भारदस्त. केंद्राने १९९९ मध्ये बारा आणि चोवीस वर्षांची योजना काढली. तीत तुम्हाला बढती मिळाली असती तर ज्या पदावर गेला असता त्या पदाचा पगार मिळे. सप्टेंबर २००८ पासून तिची सुधारित आवृत्ती आली, दहा-वीस-तीस. आता तीन पायऱ्या म्हणून सगळे खूश. खूश होऊन झाल्यावर कुणीतरी कागद वाचला. नव्या योजनेत बढतीच्या पदाचा पगार नव्हता, तक्त्यातली पुढची पायरी तेवढी होती. म्हणजे पायऱ्या तीन केल्या आणि प्रत्येक पायरीची उंची कमी केली. देशभर खटले झाले. ५ मार्च २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने मोहनन नायर यांच्या खटल्यात सांगितलं की पुढची पायरी म्हणजे पुढची पायरीच. त्यानंतर तीन आठवड्यांच्या आत सगळा देश बंद झाला. भाऊ म्हणतो, या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध नाही.

दुसरा वाद तारखेचा. लाभ जानेवारी २००६ पासून की सप्टेंबर २००८ पासून? २०१७ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने लष्करी जवानांच्या बाबतीत २००६ म्हटलं. २०२१ च्या एप्रिलमध्ये त्याच न्यायालयाने दुसऱ्या खटल्यात २००८ म्हटलं. मधल्या जवळजवळ साडेतीन वर्षांत भावाने त्या थकबाकीवर वरच्या मजल्याचा स्लॅब टाकला होता. स्लॅब अजून आहे. जिना राहिला.

शिवाय केंद्रात ही पायरी मिळायला गोपनीय अहवालात आधी ‘चांगला’ हा शेरा पुरत असे. २०१६ पासून ‘फार चांगला’ लागतो. हे ऐकून मला वाईट वाटलं. माझ्या वर्गात मी प्रगतिपत्रकावर ‘चांगला’ लिहिलं तर मुलाची आई नारळ घेऊन येई. तोच शेरा तीस वर्षं रुळांची देखभाल करणाऱ्या माणसाला मिळाला तर तो नालायक ठरतो, हे त्या आयांना कळता कामा नये.

साडू मॅटमध्ये गेले आहेत, भाऊ कॅटमध्ये. मॅट म्हणजे महाराष्ट्राचं प्रशासकीय न्यायाधिकरण, कॅट म्हणजे केंद्राचं. माझ्या वाट्याला असलं कुठलं सुटसुटीत जनावर आलं नाही. मला थेट हायकोर्ट, अहमदाबादेत सोल्याला. बारडोलीहून सुरत पस्तीस किलोमीटर, आणि सुरतेहून पुढे अडीचशेच्या वर. तेव्हाच तूपवाला आला आणि म्हणाला, हात काढा.

आता माझं प्रकरण. खरं तर ते दोनशे रुपयांचं आहे.

१९९७ मध्ये नऊ वर्षं झाली, पहिली पायरी मिळाली. कुणी काही विचारलं नाही. २००८ मध्ये वीस वर्षं झाली, तेव्हा ग्रेड पे ४२०० वरून ४४०० व्हायचा होता. पण तोपर्यंत सरकारने ठरवलं होतं की कर्मचाऱ्याला कॉम्प्युटर आला पाहिजे. त्यासाठी सीसीसी नावाची परीक्षा. ती पास असल्याशिवाय उच्चतर धोरण नाही. शाळेला कॉम्प्युटर मिळालेला होता. तो धुळीने खराब होऊ नये म्हणून कपाटात ठेवला होता, कपाटाला कुलूप होतं आणि किल्ली आचार्यांकडे, म्हणजे मुख्याध्यापकांकडे होती. पंधरा ऑगस्टला तो बाहेर काढून पुसत असू.

तेव्हाच्या क्लार्कने मला एक कागद दाखवला. परीक्षेची मुदत वाढवलीय, तोवर लाभ देता येईल, अशा अर्थाचा. अर्ध्या पानाचा, झेरॉक्सची झेरॉक्स, उजव्या कोपऱ्यात चहाच्या कपाचा अर्धा गोल. “साहेब, थई जशे,” तो म्हणाला. होऊन जाईल. गुजरातीत याहून दिलासा देणारे शब्द नाहीत, आणि यांच्यावर विसंबून जितकी माणसं निवृत्त झाली तितकी वयामुळेही झाली नसतील. त्याने सही मागितली, मी केली. ती ‘बांहेधरी’ होती, म्हणजे हमीपत्र: जास्त रक्कम दिली गेल्याचं आढळलं तर परत करीन. त्याचं बोट सहीच्या जागेवर होतं, मजकुरावर मनगट होतं. २०१० मध्ये आदेश निघाला, २००८ पासूनचा फरक मिळाला. सौ.ने त्यातून मिक्सर घेतला.

सीसीसी मी २०१२ मध्ये तिसऱ्या प्रयत्नात पास झालो. पहिल्यांदा लेखीत गेलो. दुसऱ्यांदा प्रात्यक्षिकात तक्ता काढायचा होता. मी काढला, पण त्याला रेघा आल्या नाहीत. सगळे आकडे बरोबर, आपापल्या जागी, नुसत्या रेघा नाहीत. देखरेखीला माझाच एक विद्यार्थी होता. तो हळूच म्हणाला, “साहेब, बॉर्डर.” मी त्याला चौथीत कॉपी करू नये म्हणून शिकवलेलं असल्यामुळे ऐकलं नाही.

त्यानंतर नऊ वर्षं सगळं सुरळीत. २०१९ मध्ये एकतीस वर्षं झाली. २०२० च्या जुलैमध्ये तर शिक्षकांनी एक लढाई मारली. नव्या शिक्षकांची पहिली पायरी ४२०० वरून २८०० वर आणणारं पत्र सरकारने आदल्या वर्षी काढलं होतं. पोरांनी मोबाइलवर हॅशटॅगची मोहीम चालवली आणि लॉकडाऊनमध्ये, घराबाहेर पाऊल न टाकता, ते पत्र स्थगित करून घेतलं. मला एकाने सांगितलं, सर, तुम्हीही ट्वीट करा. मी सीसीसी पास आहे, पण अभ्यासक्रमात हॅशटॅग नव्हता.

२०२१ मध्ये निवृत्तीची कागदपत्रं गेली. पोथी पगार चकासणीला, म्हणजे पडताळणीला गेली, तिथून सत्तेचाळिसाव्या पानावर ते चिन्ह घेऊन आली. माझ्या कार्यालयाने चिन्हाचा अर्थ लावला: २००८ ते २०१२ या चार वर्षांचं उच्चतर धोरण नियमबाह्य, कारण परीक्षा तेव्हा पास नव्हती. ते म्हणाले, मुदतवाढीचा कागद असेल तर सादर करा. मी म्हटलं, कागद तुमचाच आहे. ते म्हणाले, म्हणूनच आमच्याकडे नसणार, तो खाली पाठवलेला असतो. मी म्हटलं, खाली म्हणजे मी का? त्यावर क्लार्कने (हा नवा, तेव्हा बालवाडीत असेल) पंखा एक अंकाने वाढवला.

बारडोलीत राहणाऱ्या माणसाने सरकारी आकड्याशी भांडावं यात नवल नाही. इथे मुंबई सरकारने शेतसारा बावीस टक्के वाढवला तेव्हा १९२८ च्या बारा फेब्रुवारीला वल्लभभाईंनी सत्याग्रह पुकारला. लोकांनी जप्ती टाळायला घरांना कुलपं लावली आणि म्हशींसकट आत बसले. ऑगस्टमध्ये तडजोड झाली. मग ब्रूमफील्ड आणि मॅक्सवेल हे दोन इंग्रज अधिकारी गावोगाव फिरले, हिशेब तपासला आणि सांगितलं की वाढ फार तर सहा टक्क्यांच्या आसपास हवी होती. हे मी दरवर्षी मुलांना स्वराज आश्रमात नेऊन सांगत असे. सांगताना माझा आवाज चढे. आता वाटतं, मी एक गोष्ट नीट सांगितली नाही. सहा महिन्यांत! परक्या सरकारने, हातात कॉम्प्युटर नसताना, सबंध तालुक्याचं प्रकरण सहा महिन्यांत तडजोडीला आणलं. मला ब्रूमफील्ड नको. एक क्लार्क पुरे, फक्त खोडरबर बाळगणारा.

आमच्या वकिलांचं म्हणणं की कायदा माझ्या बाजूने आहे. पंजाब सरकार विरुद्ध रफीक मसीह या खटल्यात १८ डिसेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पाच प्रसंग सांगितले, ज्यांत चुकून दिलेला जादा पगार परत घेता येत नाही. वर्ग तीन आणि चारचा कर्मचारी असेल तर नाही. निवृत्त झालेला किंवा वर्षभरात होणार असेल तर नाही. दोन्हींत मी बसतो. मी पेढे घ्यायला निघालो होतो. वकील म्हणाले, थांबा, २०१६ चा जगदेव सिंग वाचा. तो पंजाब-हरियाणातल्या एका न्यायाधीशांच्याच पगाराचा खटला. त्यात न्यायालय म्हणालं की जादा रक्कम परत करण्याची लेखी हमी दिली असेल तर वसुली करता येते. आता सरकारी बाजू म्हणते, शिक्षकाची सही आहे. आमची बाजू म्हणते, न्यायाधीश जे वाचून सही करतात ते शिक्षक सही करून वाचतो. हा मुद्दा वकिलांनी लेखी घेतला नाही.

कोर्टाचं काम इंग्रजीत चालतं, म्हणून पोथीचं भाषांतर करावं लागलं. भाषांतरकाराने पानाप्रमाणे पैसे घेतले आणि पहिल्या मसुद्यात ‘सेवापोथी’चं असं काही इंग्रजी केलं की वाचून वाटावं, मी एखाद्या मठात होतो. सत्तेचाळिसाव्या पानाचं भाषांतर त्याने पूर्ण केलं आणि खाली टीप दिली: समासात पेन्सिलीची खूण, अर्थ लागत नाही. सबंध प्रकरणात एवढं एकच वाक्य दोन्ही पक्षांना मान्य आहे.

वकिलांची फी, भाषांतर, नकला आणि सोल्याच्या फेऱ्या धरून आतापर्यंत अडतीस हजार झाले. सौ. म्हणते, अहो, अजून पाच-सहा हजारांत बरोबरी होईल, मग थांबा. तिचा हिशेब कच्चा नाही. दर वर्षी मे महिन्यात मी हयातीची खराई करायला जातो, म्हणजे मी जिवंत आहे हे पटवून द्यायला. तिथला माणूस आधारकार्ड बघतो, माझ्याकडे बघतो, पुन्हा कार्डाकडे बघतो आणि पेन उचलतो. त्याच्या हातात पेनच आहे ना, पेन्सिल नाही, एवढं मी पाहून घेतो.

बारडोली, व्यारा, मांडवी, पलसाणा या बाजूला २००८ ते २०१२ मध्ये शिक्षक असलेल्या कुणाकडे सीसीसीची मुदत वाढवल्याचा तो अर्ध्या पानाचा कागद असेल, तर कृपा करून झेरॉक्स पाठवा. खर्च मी देईन. चहाचा डाग असला तरी चालेल, फक्त तो जावक क्रमांकावर नको.